बोर्डेनसाहेबांची बडोद्यातील तीन वर्षे

1910 साली बडोदे संस्थानाने आपल्या नव्या ग्रंथालय खात्याची सूत्रे ज्या अमेरिकन गृहस्थाच्या हाती दिली, त्याचे वय त्या वेळी सत्तावन्न वर्षांचे होते. म्हणजे आपल्याकडील सरकारी नोकर ज्या वयात पेन्शनीचे कागद पुरे करून उरलेले आयुष्य नातवंडांत घालविण्याचे बेत करीत असतो, त्या वयात विल्यम अ‍ॅलन्सन बोर्डेन यांनी तेवीस वर्षांची स्थिर नोकरी सोडली आणि सातासमुद्रांपलीकडील एका एतद्देशीय राजाच्या पदरी राहण्याचे पत्करले. अमेरिकन माणूस महाराष्ट्रास किंवा गुजरातेस अगदीच अपरिचित होता असे नाही. मुंबईत आणि पुढे अहमदनगरास अमेरिकन मराठी मिशनच्या पाद्र्यांनी शाळा काढल्या होत्या, छापखाने चालविले होते, आणि मराठी भाषेची सेवाही केली होती. परंतु धर्म शिकविण्यासाठी नव्हे, व्यापारासाठी नव्हे, तर केवळ पुस्तके लोकांच्या हाती कशी पोहोचवावीत या एकाच विद्येचा जाणकार म्हणून कोणी अमेरिकन हिंदुस्थानात बोलावला गेल्याचा हा पहिलाच प्रसंग होता.

ही विद्या त्या काळी खुद्द अमेरिकेतही जुनी नव्हती. मॅसॅच्युसेट्स संस्थानाने 1848 साली बोस्टन शहरास करातून सार्वजनिक ग्रंथालय चालविण्याची परवानगी दिली. पुढच्याच वर्षी न्यू हॅम्पशरने सर्व गावांसाठी तसा सरसकट कायदा केला. धनिकांची देणगी किंवा वाचकांची वर्गणी यांच्या भरवशावर न राहता, रस्ते आणि शाळा यांप्रमाणेच ग्रंथालय हाही गावाच्या हक्काचा खर्च आहे, हे तत्त्व अशा रीतीने कायद्याच्या पुस्तकात शिरले. व्हेल माशांच्या शिकारीवर गबर झालेल्या न्यू बेडफर्ड बंदरात करावर चालणारे मोफत ग्रंथालय 1853 साली उघडले, आणि त्याच साली त्याच गावी बोर्डेन यांचा जन्म झाला. ते तेवीस वर्षांचे झाले तेव्हा, 1876 साली, अमेरिकन ग्रंथपालांची परिषद फिलाडेल्फियास भरून त्यांचा संघ स्थापन झाला, मेल्विल ड्यूई यांनी आपली दशांश वर्गीकरणपद्धती प्रसिद्ध केली, आणि चार्ल्स अ‍ॅमी कटर यांनी ग्रंथसूची तयार करण्याचे नियम छापले. एका धंद्याचे शास्त्रात रूपांतर होण्यास जे जे लागते ते बहुतेक सर्व एकाच वर्षी सिद्ध झाले, असा योग विद्येच्या इतिहासात फारसा आढळत नाही.

बोर्डेन यांना गुरू लाभले ते हेच दोघे, आणि दोघांचा स्वभाव व मार्ग इतका भिन्न की त्यांच्या हाताखाली शिकलेल्या माणसास कोणा एकाचा आंधळा अनुयायी होणे कठीणच जावे. बोस्टन अथेनिअम ही 1807 साली भागधारकांनी स्थापलेली, विद्वानांनी गजबजलेली संस्था; तेथे कटर हे 1869 पासून ग्रंथपाल होते आणि बोर्डेन त्यांचे साहाय्यक. कटर यांची दृष्टी वाचकाची होती. एखाद्यास लेखकाचे नाव ठाऊक असेल, दुसऱ्यास केवळ पुस्तकाचे नाव आठवत असेल, तिसऱ्यास यांपैकी काहीच माहीत नसून फक्त विषयाची ओढ असेल, तरी तिघांनाही सूचीने समान तत्परतेने वाट दाखविली पाहिजे, हा त्यांचा आग्रह. त्यांच्या वर्गीकरणाचे नावच विस्तारशील असे होते, आणि त्याची योजना अशी की चारदोन कपाटांच्या खेडेगावी संग्रहास मोजक्या अक्षरांचे पहिले कोष्टक पुरावे, आणि संग्रह वाढत जाईल तसतशी पुढची, अधिक सूक्ष्म कोष्टके हाती घ्यावीत. खेड्यातील कपाट आणि राजधानीतील ग्रंथागार यांचा विचार एकाच पद्धतीत करण्याची ही कल्पना बोर्डेन यांना पुढे बडोद्यात किती उपयोगी पडली असेल, हे सांगावयास नको.

ड्यूई यांचे प्रकरण निराळे. त्यांना घाई होती, संघटनेचा हव्यास होता, आणि वेळ वाचविण्याचे वेड इतके की इंग्रजी शब्दांतील अनुच्चारित अक्षरेही त्यांना सोसवत नसत. न्यूयॉर्कच्या कोलंबिया कॉलेजात त्यांनी जानेवारी 1887 मध्ये ग्रंथपालनाची जगातील पहिली शाळा काढली, आणि तीत स्त्रियांना प्रवेश दिला. कॉलेजच्या विश्वस्तांना हे रुचले नाही. स्त्रियांसाठी वर्ग घेणार असाल तर कॉलेजची खोली मिळणार नाही, असे त्यांनी बजावले. ड्यूई यांनी वाद घातला नाही. रस्त्यापलीकडच्या एका अडगळीच्या खोलीत उसनीपासनी बाके मांडून वीस विद्यार्थ्यांनिशी वर्ग सुरू केला, आणि त्या विसांत सतरा स्त्रिया होत्या. दोनच वर्षांत ही शाळा कोलंबियातून हलवून ऑल्बनीस न्यावी लागली. या वादग्रस्त शाळेत ज्यांनी पाठ दिले, त्यांत बोर्डेन हे एक होते. ग्रंथपाल जन्मावा लागत नाही, तो घडविता येतो, आणि तो घडविण्यास वरिष्ठांच्या कृपेची वाट पाहत बसावे लागत नाही, एवढी गोष्ट त्यांनी तेथे डोळ्यांदेखत पाहिली.

1887 सालीच ते कनेटिकट संस्थानातील न्यू हेवन येथे यंग मेन्स इन्स्टिट्यूटचे ग्रंथपाल झाले. ही संस्था 1826 साली उमेदवारी करणाऱ्या काही तरुण कारागिरांनी, दिवसाच्या श्रमानंतर वाचन व चर्चा करता यावी म्हणून काढलेली होती आणि वर्गणीवर चालत असे. मराठी वाचकास तिची ओळख फार लांबून करून देण्याचे कारण नाही. रत्नागिरी, नाशिक, पुणे, कोल्हापूर इत्यादि ठिकाणी एकोणिसाव्या शतकात ज्या नेटिव जनरल लायब्रऱ्या निघाल्या आणि ज्यांपैकी काहींची पुढे नगर वाचन मंदिरे झाली, त्या जातीचीच ही संस्था. वर्गणीदार आहेत तोवर तिचे दिवस बरे, आणि गावात मोफत ग्रंथालय निघाले की तिची परीक्षा सुरू. योगायोग असा की न्यू हेवनचे मोफत ग्रंथालयही 1887 सालीच स्थापन झाले, म्हणजे बोर्डेन यांनी ज्या वर्षी ही खुर्ची स्वीकारली, त्याच वर्षी तिच्याखालची जमीन सरकू लागली. तरीही तेथे ते तेवीस वर्षे टिकले. तेथील पुस्तकांसाठी त्यांनी स्वतःची एक वर्गीकरणपद्धती रचली, पत्रसूची सिद्ध केली, आणि ती पद्धती त्या संस्थेने पुढे कधीच टाकली नाही. एरवी हा चरित्रभाग नीरस आहे. आणि बडोद्याचे बोलावणे आले नसते तर बोर्डेन यांचे नाव न्यू हेवनच्या त्या सूचीपलीकडे गेले असते असे वाटत नाही.

बोलावणे धाडणारे सयाजीराव महाराज हे 1863 साली नाशिक जिल्ह्यातील कवळाणे गावी, गायकवाडांच्या एका दूरच्या शेतकरी शाखेत जन्मले, बाराव्या वर्षी दत्तक होऊन गादीवर आले, आणि मगच अक्षरओळख करते झाले. उशिरा शिकलेल्या माणसास शिक्षणाची किंमत लवकर कळते. 1893 साली अमरेली प्रांतात त्यांनी सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा प्रयोग आरंभिला, आणि 1906 साली तो सर्व संस्थानास लागू केला. परंतु शाळेत सक्तीने बसविलेला कुणब्याचा मुलगा चार यत्ता शिकून शेतावर परतला, की त्यास वाचावयास काही नसे, आणि काही वर्षांत त्याची अक्षरे पुसून तो पुन्हा अंगठा उठविण्यास मोकळा होई. तिजोरीतून खर्च झालेला पैसा अशा रीतीने मातीत जाताना पाहणे हे महाराजांसारख्या हिशेबी राज्यकर्त्यास सहन होण्याजोगे नव्हते. 1906 च्या अमेरिकेच्या प्रवासात तेथील मोफत ग्रंथालये त्यांनी पाहिली, आणि शाळेने सुरू केलेले काम ग्रंथालयाने पुढे चालवावे, हा विचार त्यांच्या मनात पक्का झाला.

येथे एका गुजराती शिक्षकाचे नाव घेतल्यावाचून पुढे जाणे अन्यायाचे होईल. मोतीभाई नरसिंहभाई अमीन यांनी अमेरिकन तज्ज्ञ येण्याच्या आधीच, मित्रमंडळे स्थापून, गावोगाव लहान वाचनालये उभी केली होती. त्यांत पुस्तके थोडी असत, परंतु ती वाचणारी आणि वर्गणी काढणारी माणसे खरीखुरी असत. बडोद्याच्या ग्रंथालय चळवळीचा इतिहास सांगताना महाराज आणि अमेरिकन साहेब या दोघांवर सारा उजेड पाडण्याची प्रथा आहे. पण नांगरलेले शेत साहेबांना आयते मिळाले होते, आणि ते नांगरणारा अमीन होता.

बोर्डेन आले ते 1910 मध्ये. महाराजांनी राजवाड्यातील आपला सुमारे वीस हजार ग्रंथांचा खाजगी संग्रह लोकांसाठी देऊन टाकला, आणि सरकारवाड्यात मध्यवर्ती ग्रंथालयाची मांडणी सुरू झाली. राजाने पुस्तके देणे ही उदारता झाली. ती कपाटाबाहेर काढून कोणाही प्रजाजनाच्या हाती विनामूल्य पडतील अशी व्यवस्था लावणे हे निराळे काम, आणि त्यासाठीच बोर्डेन यांना वेतन होते. कटर यांची अक्षरे आणि ड्यूई यांचे अंक यांचा मेळ घालून त्यांनी बडोद्याकरिता एक वर्गीकरण तयार केले. पत्रसूची आली, वाचकाने कपाटापाशी जाऊन पुस्तक स्वतः चाळावे, ही त्या काळच्या कारकुनी मनास धडकी भरविणारी मुभा आली, स्त्रियांसाठी आणि मुलांसाठी स्वतंत्र दालने आली. 1911 साली त्यांनी ग्रंथपालनाचा वर्ग उघडला, आणि हिंदुस्थानात या विद्येचे पद्धतशीर शिक्षण तेथून सुरू झाले. पुढच्या वर्षी ‘लायब्ररी मिसेलनी’ हे त्रैमासिक निघाले, ज्याची पाने इंग्रजी, गुजराती आणि मराठी अशा तीन भाषांत असत. ग्रंथालयशास्त्रावरील लेखन मराठीत नियमाने छापले जाऊ लागले ते पुणे-मुंबईत नव्हे, तर गुजरातेतील एका मराठी दरबारात, एका न्यू इंग्लंडकराने उभारलेल्या खात्याच्या आश्रयाने, ही गोष्ट आपल्या ग्रंथालयांच्या उत्सवप्रसंगी अध्यक्षीय भाषणांतून सहसा ऐकू येत नाही.

मध्यवर्ती ग्रंथालयाची ही शोभा कितीही मनोहर असली, तरी बोर्डेन यांच्या कारकिर्दीचा खरा गाभा राजधानीबाहेरच्या व्यवस्थेत आहे. बडोदे संस्थान हा सलग प्रदेश नव्हता; बडोदे, कडी, नवसारी आणि अमरेली हे त्याचे मुख्य प्रांत ब्रिटिश मुलखात आणि काठेवाडच्या संस्थानांत विखुरलेले होते, लोकसंख्या सुमारे वीस लाख होती, आणि 1911 च्या खानेसुमारीप्रमाणे साक्षरांचे प्रमाण शेकडा दहाच्या आसपास होते. अशा मुलखात हुजुरांचा हुकूम सुटला असता, सुभ्यांनी तो वहिवाटदारांकडे धाडला असता, आणि प्रत्येक चावडीत एकेक कुलूपबंद कपाट महिन्याभरात उभे राहिले असते. तसे झाले नाही. ठरले ते असे की गावकऱ्यांनी आधी स्वतः पैसे जमवावेत. जेवढे ते जमवतील तेवढेच प्रांत पंचायतीने द्यावेत, आणि तेवढेच दरबारने. प्रांताच्या ठिकाणी या रकमेची मर्यादा सालिना 700 रुपये, लहान शहरास 300 आणि खेड्यास 100. इमारतीच्या खर्चासही हाच तिजाईचा हिशेब. ज्या खेड्यास पूर्ण ग्रंथालय परवडत नसे, त्याने पंचवीस रुपये भरावेत आणि दरबारने शंभर रुपयांची देशी भाषेतील पुस्तके पाठवावीत.

या योजनेची जुळणी बारकाईने पाहण्याजोगी आहे. अमेरिकेत त्याच काळात अँड्र्यू कार्नेगी गावोगाव ग्रंथालयाच्या इमारती बांधून देत होते, आणि त्यांची अट अशी असे की जागा गावाने द्यावी व देणगीच्या दहाव्या हिश्शाएवढी रक्कम दरसाल करातून खर्च करण्याचे गावाने लिहून द्यावे. तेथे अट घालता येत होती, कारण गावास कर बसविण्याचा कायदेशीर अधिकार होता. बडोद्याच्या खेड्यास तो अधिकार नव्हता. म्हणून कराच्या जागी वर्गणी आली, आणि वर्गणीची झळ बसलेले गाव पुस्तकांची राखण आपोआप करू लागले. ज्या गावाने घरटी आणे-दोन आणे गोळा करून आपला तिसरा हिस्सा भरला, तेथे ग्रंथालयाचे दार बंद राहिले तर ओरड करणारे निघत. जेथे सारे सरकारचे, तेथे ओरडावयाचे कोणी? या खेडेगावी शाखेचे काम अमीन यांच्याकडे आले, हे उचितच झाले, आणि गुजराती पुस्तकांची पारख व गावकऱ्यांची मनधरणी या दोन्ही बाबतींत त्यांच्यावाचून खात्याचे पान हलले नसते.

जेथे तेवढेही जमत नसे, तेथे फिरती ग्रंथालये जात. मजबूत लाकडी पेट्यांत पुस्तके भरून त्या आगगाडीने, आणि आगगाडी नसेल तेथे बैलगाडीने गावात पोहोचवीत. हशील सरकारचे, जबाबदारी गावातील एखाद्या शिक्षकाची किंवा प्रतिष्ठित गृहस्थाची, आणि मुदत सुमारे तीन महिन्यांची. मुदत संपली की पेटी परत येई व दुसरी जाई. ज्यांना वाचताच येत नव्हते, म्हणजे शेकडा नव्वदांना, त्यांच्यासाठी एक दृश्य शाखा होती: मॅजिक लँटर्नच्या काचा, चलच्चित्रे, आणि दुहेरी भिंगातून पाहावयाची छायाचित्रे. निरक्षरास ग्रंथालयाच्या हद्दीबाहेर न ठेवता त्याच्यासाठी त्याच खात्यात स्वतंत्र शाखा काढणे, हा विचार 1912 च्या सुमारास अमेरिकेतील अनेक ग्रंथालयांसही नवा वाटला असता. गावच्या मंदिरापुढे पांढरा पडदा बांधून एखाद्या दूरच्या शहराचे चित्र उमटविण्याचे काम ग्रंथपालाचे आहे की नाही, याबद्दल काटेकोर शास्त्रज्ञांत मतभेद होऊ शकेल. आमच्या मते ते आहे.

हे सारे चालले होते तो काळ मोठा संशयाचा होता. 1910 चा छापखान्यांचा कायदा नुकताच झाला होता. अरविंद घोषांनी ज्या बडोद्यात तेरा वर्षे काढली, त्या बडोद्याकडे ब्रिटिश अधिकारी वक्र दृष्टीने पाहत होते. आणि डिसेंबर 1911 च्या दिल्ली दरबारात महाराजांनी बादशहास केलेला मुजरा पुरेसा अदबीचा नव्हता, यावरून विलायतेपर्यंत गहजब झाला. अशा दिवसांत खेड्यापाड्यांत पुस्तकांच्या पेट्या पाठविणे हे निरुपद्रवी काम मानले जाईलच अशी खात्री नव्हती. तरी खाते चालू राहिले, वाढत राहिले.

1913 मध्ये बोर्डेन मायदेशी परतले. त्याच वर्षी बडोदे सरकारची शिष्यवृत्ती घेऊन भीमराव आंबेडकर न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात दाखल झाले, आणि ज्या विद्यापीठातील एका अडगळीच्या खोलीत बोर्डेन यांनी पाठ दिले होते, त्याच्या ग्रंथालयात त्यांनी दिवसाचे दिवस घालविले. बोर्डेन यांच्या जागी दुसरा गोरा अधिकारी आणण्याची गरज पडली नाही, आणि त्यांच्या कामाची हीच खरी परीक्षा होय. जनार्दन सखाराम कुडाळकर या एम. ए., एल्एल. बी. झालेल्या मराठी गृहस्थाने खात्याचा भार उचलला. ते युरोप-अमेरिकेतील ग्रंथालये पाहून आले, आणि त्यांनी बडोद्याच्या ग्रंथालय चळवळीवर 1919 साली इंग्रजीत पुस्तक लिहिले. त्यांच्यामागून न्यूटन मोहन दत्त आले. त्यांनी 1928 साली दुसरे पुस्तक लिहिले. मध्यवर्ती ग्रंथालयाच्या संस्कृत विभागातून 1916 साली राजशेखराची काव्यमीमांसा छापली जाऊन गायकवाड प्राच्य ग्रंथमाला सुरू झाली, आणि त्या विभागातूनच पुढे बडोद्याचे प्राच्यविद्यामंदिर स्वतंत्र झाले. बोर्डेन यांच्यामागून 1915 साली एसा डॉन डिकिन्सन हे दुसरे अमेरिकन ग्रंथपाल लाहोरास पंजाब विद्यापीठात आले व त्यांनीही शिक्षणवर्ग काढला. तेव्हा बडोद्याचा वर्ग चार वर्षांचा झाला होता.

बोर्डेन यांच्या वर्गीकरणाबद्दल मात्र फार बोलण्याचे कारण नाही. बडोदे संस्थानच्या बाहेर ते पसरले नाही. दोन थोर पद्धतींचा कुशलतेने केलेला तो संकर होता, आणि संकराला स्वतःचे तत्त्व नसते. या विषयात नवे तत्त्व हिंदुस्थानातून निघावयाचे होते ते 1933 साली मद्रासेस, रंगनाथन यांच्या हातून. बोर्डेन यांचे सामर्थ्य शास्त्र रचण्यात नव्हते, खाते रचण्यात होते. मध्यवर्ती ग्रंथालय, शिक्षणवर्ग, नियतकालिक, खेडेगावी शाखा, फिरत्या पेट्या आणि दृश्य शाखा ही सर्व अंगे तीन वर्षांत एकमेकांस जोडून ती स्थानिक माणसांच्या स्वाधीन करणे आणि निघून जाणे, हे त्यांनी केले. पुष्कळ तज्ज्ञांना यातील शेवटचीच गोष्ट जमत नाही.

एक उणीव मात्र राहिली, आणि ती ज्या देशातून ते आले त्या देशाकडे पाहता अधिकच डोळ्यांत भरते. न्यू बेडफर्डचे ग्रंथालय कायद्यावर आणि करावर उभे होते. बडोद्याचे ग्रंथालय खाते हुजूर हुकुमावर आणि एका राजाच्या इच्छाशक्तीवर उभे होते. महाराजांच्या हयातीत हा भेद कोणास जाणवला नाही, कारण हुकूम करणारा कायद्याहून अधिक कळकळीचा होता. सयाजीराव 1939 साली वारले. बोर्डेन त्यांच्याआधी आठ वर्षे, 1931 मध्ये निवर्तले होते. 1949 च्या मे महिन्यात संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले, आणि खात्याची फाईल दुसऱ्या सचिवालयात गेली. सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा कोल्हापूर संस्थानाने 1945 साली केला, मद्रास राज्याने 1948 साली, महाराष्ट्राने 1967 साली. ज्या भूमीवर बोर्डेनसाहेबांनी 1910 साली पाऊल ठेवले, त्या गुजरातेस असा कायदा मिळाला तो 2001 साली, म्हणजे त्यानंतर एक्क्याण्णव वर्षांनी.